मुळांना हवा हवी: ऑर्किडविषयी वाचकांचे प्रश्न

या वेळच्या पत्रांत कुंडी बदलण्याविषयीचे प्रश्न सर्वाधिक आहेत, म्हणून त्या एका उत्तराला जास्त जागा दिली आहे. पत्रात जातीचं नाव नसेल तिथे झाड फॅलेनॉप्सिस आहे असं धरलं आहे: रुंद, मांसल पानं, बुंध्याशी कंद नाही आणि कमानीसारख्या दांड्यावर फुलपाखरासारखी फुलं. घरात येणारं पहिलं ऑर्किड बहुधा हेच असतं.

प्रश्न: दोन महिन्यांपूर्वी फुललेलं ऑर्किड भेट मिळालं. अजून फुलं आहेत, पण राखाडी मुळं कुंडीबाहेर लोंबायला लागली आहेत. कुंडी लहान पडली का? आत्ताच बदलू का?

मुळं बाहेर लोंबतात म्हणून कुंडी लहान पडली असं होत नाही. हे झाड निसर्गात फांदीला धरून वाढतं, त्याची मुळं उघड्या हवेतच असतात. कुंडीत ती सगळीच्या सगळी मावणार नाहीत आणि मावायची गरजही नाही. बाहेरची मुळं दाबून आत कोंबू नका आणि कापूही नका.

फुलं असताना कुंडी बदलली तर झाड मरत नाही, पण कळ्या गळतात आणि उमललेली फुलं लवकर माना टाकतात. फुलं संपेपर्यंत थांबा. त्यानंतर बुंध्यापाशी नवी मुळं निघताना दिसतील, टोकं हिरवी किंवा लालसर, चकचकीत. तीच कुंडी बदलायची खरी वेळ, कारण नव्या मिश्रणाला पकड घेणारी मुळं त्या वेळी वाढत असतात.

घाई करायची ती एकाच कारणासाठी: आतली मुळं कुजत असतील तर. कुंडीत मातीऐवजी भरलेले झाडाच्या सालीचे तुकडे असतात, त्यांतला वरचा एखादा चिमटीत चुरून पाहा. भुसा झाला, कुंडीला ओलसर तळघरासारखा वास आला, किंवा ओतलेलं पाणी वर तुंबून सावकाश खाली जाऊ लागलं, तर फुलांचा मोह सोडा. दांडा कापून पाण्याच्या बाटलीत ठेवा, फुलं तिथेही बरेच दिवस टिकतात, आणि झाड कुंडीतून काढा.

प्रश्न: कुंडी बदलण्याची पद्धत साहित्यासकट सांगाल का? मागच्या वेळी बदलल्यावर झाड डुगडुगत राहिलं आणि दोन महिन्यांत बरीच मुळं काळी पडली.

डुगडुगणं आणि मुळं जाणं, या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे. ऑर्किडच्या मुळाचं वाढतं टोक फार नाजूक असतं. झाड हललं की ते सालीच्या तुकड्यावर घासतं आणि तिथेच थांबतं. त्यामुळे झाड घट्ट बसणं महत्त्वाचं, पण मिश्रण ठासून भरून नव्हे. ते कसं, ते पुढे येईलच.

आधी मिश्रण. मध्यम आकाराच्या झाडाला १० ते १५ मिमीचे पाइनच्या सालीचे तुकडे ६ भाग, लाकडी कोळशाचे त्याच मापाचे तुकडे १ भाग आणि जाड पर्लाइट (पांढरे, हलके, सच्छिद्र दाणे) १ भाग. हवा कोरडी असेल, किंवा रोज लक्ष देणं जमत नसेल, तर स्फॅग्नम मॉस (पाणी धरून ठेवणारं वाळवलेलं शेवाळ) १ भाग तोडून मिसळा. हवा सतत दमट असेल तर मॉस अजिबात नको. उलट साल मोठी, २० मिमीपर्यंतची घ्या. साल मिळत नसेल तर नारळाच्या सोडणाचे चौकोनी तुकडे चालतात, मात्र ते दोन-तीन वेळा पाणी बदलून भिजवावे लागतात, कारण त्यांत क्षार असतात. कोकोपीटचा भुसा चालत नाही. १२ सेंमीच्या कुंडीला पाऊण ते एक लीटर मिश्रण पुरतं. पेटवायला सोप्या अशा साच्यातल्या कोळशाच्या विटा वापरू नका, त्यांत चिकटवायला इतर पदार्थ घातलेले असतात.

साल आदल्या रात्री पाण्यात भिजत घाला. ही पायरी लोक हमखास गाळतात. कोरडी साल पाणी धरत नाही, अंगावरून सोडून देते. मग पहिले कित्येक दिवस तुम्ही पाणी घालत राहता आणि मुळं कोरडीच राहतात. उकळतं पाणी ओतून भिजवली तर साल लवकर मुरते आणि आतले किडेही मरतात. निथळून, थंड करून वापरा.

कुंडी शक्यतो पारदर्शक प्लॅस्टिकची, तळाला आणि बाजूंना भरपूर भोकं असलेली. आत काय चाललंय ते दिसतं, एवढा एकच फायदाही पुरेसा आहे. आकार झाडाच्या पानांवरून ठरवू नका. कुजकी मुळं काढून झाल्यावर जो गुच्छ उरेल, त्याच्या भोवती एक ते दोन सेंमी जागा राहील इतकीच कुंडी. पुष्कळदा ती जुन्याच मापाची निघते, कधी लहानही. मोठ्या कुंडीत जिथे मुळं नाहीत तिथली साल दिवसेंदिवस ओली राहते आणि कूज तिथून सुरू होते.

आता झाड. १५ ते २० मिनिटं कुंडीसकट पाण्यात ठेवा, म्हणजे मुळं लवचीक होतात आणि वळवताना मोडत नाहीत. मग कुंडी चारी बाजूंनी दाबून झाड हलक्या हाताने बाहेर घ्या. मुळं कुंडीला चिकटली असतील तर प्लॅस्टिकची कुंडी सरळ कापा. मातीची असेल तर बोथट सुरीची पाठ आतून फिरवा.

जुनं मिश्रण झटकल्यावर मुळांच्या गुंत्याच्या अगदी मध्यभागी बोट घालून पाहा. रोपवाटिकेत लहानपणी ज्या मॉसच्या गोळीत किंवा जाळीच्या डबीत रोप वाढवलेलं असतं, ती तिथे तशीच असते. बाहेरची साल ठणठणीत कोरडी आणि आत मुठीएवढा लगदा, असं चित्र नेहमी दिसतं. मुळं बाहेरून धडधाकट आणि बुंध्याशी कुजलेली, या कोड्याचं उत्तर बहुतेक वेळा ही गोळी असते. चिमट्याने थोडं थोडं करून ती पूर्ण काढा. जाळी असेल तर कापून काढा. दोन-चार मुळं मोडली तरी हरकत नाही.

मग प्रत्येक मूळ चिमटीत धरून दाबायचं. रंगावर जाऊ नका. अंधारात वाढलेलं मूळ पिवळट किंवा तपकिरी दिसतं आणि तरी उत्तम असतं. टणक लागलं तर ते जिवंत. पोकळ, कागदासारखं चपटं होत असेल किंवा बुळबुळीत असेल तर मेलेलं. मेलेल्या मुळाचं बाहेरचं आवरण ओढलं की मोज्यासारखं निसटून येतं आणि हातात नुसता दोरा राहतो. अशी मुळं चांगल्या भागापर्यंत कापा. बुंध्याचं खालचं टोक वाळून काळं लाकूड झालं असेल तर तेही काढा.

कात्रीचं पातं आधी ज्योतीवर तापवून थंड करा, आणि दुसऱ्या झाडाला लावण्याआधी पुन्हा. ऑर्किडमध्ये विषाणू पात्यावरच्या रसातून पसरतात, त्यावर औषध नाही, आणि नुसत्या स्पिरिटने पुसून ते खात्रीने मरत नाहीत.

कापलेल्या टोकांना दालचिनीची पूड लावायची पद्धत आहे. ती जखम कोरडी करते, म्हणूनच ती फक्त कापलेल्या टोकाला लावायची. सगळ्या मुळांवर भुरभुरली तर चांगली मुळंही सुकवते. हायड्रोजन पेरॉक्साइड ओतण्याचा उपाय आम्हाला पटत नाही. फेस येतो म्हणून काहीतरी घडतंय असं वाटतं, पण जिवंत पेशींनाही तो तेवढाच भाजतो.

तळाला थर्माकोलचे दोन-तीन तुकडे टाका. झाड असं धरा की सर्वांत खालच्या पानाचा बुंधा मिश्रणाच्या पातळीला येईल आणि ती पातळी काठाच्या एक सेंमी खाली असेल. बुंधा पुरला तर तिथे कूज लागते. मुळं कुंडीत घालताना झाड स्क्रूसारखं हळूच फिरवा, ती आपोआप वळून बसतात. जी आधीपासून हवेत होती ती बाहेरच राहू द्या, पुरल्यावर ती बऱ्याचदा सडतात. आता साल थोडी थोडी टाका, कुंडी टेबलावर आपटा, काडीने मुळांच्या फटींत साल सरकवा, पुन्हा टाका, पुन्हा आपटा. अंगठ्याने दाबायचं नाही. शेवटी झाड पानांच्या बुंध्याशी धरून अलगद उचला. कुंडी सोबत उचलली गेली तर झाड बसलं. खालीच राहिली तर अजून साल हवी. मुळंच थोडी उरली असतील तर एक काडी रोवून झाड तिला बांधा, नवी मुळं धरेपर्यंत.

बरीच मुळं कापली असतील तर तीन ते पाच दिवस पाणी घालू नका. भिजलेल्या सालीत तेवढा ओलावा असतो आणि जखमा सुकायला वेळ मिळतो. कापाकापी झाली नसेल तर दुसऱ्या दिवशी नेहमीसारखं पाणी द्या. दोन-तीन आठवडे थोडी जास्त सावली, खत महिनाभर बंद. या काळात सर्वांत खालचं एखादं पान पिवळं होऊन गळलं तर काळजी नको. दोन-तीन पानं एकदम गेली किंवा वरचं पान पिवळं पडलं तर बुंधा तपासा.

प्रश्न: चांगली माती आणि कंपोस्ट घालून ऑर्किड लावलं. महिना झाला, पानं मलूल आहेत. माती कमी सुपीक आहे का?

सुपीकपणाचा प्रश्नच नाही, माती बंद आहे एवढंच. फॅलेनॉप्सिसच्या मुळाभोवती स्पंजासारखं पांढरट आवरण असतं. ते मिनिटांत पाणी शोषतं आणि मग त्याला सुकायला हवा लागते. माती ओली झाली की तिच्या फटी पाण्याने भरतात, मुळाला प्राणवायू मिळत नाही, ते गुदमरतं, आणि गुदमरलेल्या मुळावर बुरशी आणि जिवाणू बसतात. शेवट कुजण्यात होतो, पण सुरुवात हवा तुटल्याने होते.

आजच काढा. कोमट पाण्याच्या धारेखाली मुळं धुवा, कुजकी कापा, सावलीत दोन-तीन तास सुकू द्या आणि सालीत लावा. जमिनीत वाढणारी काही ऑर्किड आहेत, पॅफिओपेडिलमसारखी. पण त्यांनाही बागेची माती नको असते, फक्त जरा बारीक आणि ओलावा धरणारं मिश्रण लागतं.

प्रश्न: पानं सुरकुतली आहेत, चामड्यासारखी लोंबतात. पाणी वाढवलं तर आणखी बिघडलं.

सुरकुतलेलं पान झाडाला पाणी पोहोचत नाही एवढंच सांगतं. ते कुंडीत नाही म्हणून, की प्यायला मुळंच नाहीत म्हणून, हे पानाकडे बघून कळत नाही. पाणी वाढवून बिघडलं, म्हणजे तुमच्याकडे दुसरी गोष्ट असणार. काढून बघा.

चार-पाच टणक मुळं असतील तर नव्या सालीत, लहान कुंडीत लावा आणि नेहमीची काळजी घ्या. सावरायला तीन-चार महिने लागतील. जुनी सुरकुतलेली पानं पूर्ववत होतीलच असं नाही, नवं पान ताठ येतंय का ते बघा.

एकही मूळ उरलं नसेल तर एक शेवटचा उपाय. स्फॅग्नम मॉस भिजवून घट्ट पिळा, इतका की पुन्हा दाबल्यावर थेंब पडू नये. मोठ्या पारदर्शक पिशवीत तळाला तो मूठभर पसरा आणि झाड त्यावर टेकवून ठेवा. बुंधा मॉसच्या जेमतेम वर, आत पुरलेला नाही. पिशवीचं तोंड बांधा, उजेडात पण उन्हापासून लांब, २२ ते २७ अंशांत ठेवा. दोन-तीन दिवसांनी तोंड उघडून हवा बदला. आत पाण्याचे ओघळ दिसले तर मॉस जास्त ओला आहे. पानांतून उडणारं पाणी या दमट हवेत वाचतं आणि झाडाला मुळं फोडायला सवड मिळते. पहिलं मूळ चार ते आठ आठवड्यांत दिसू शकतं, कधी त्याहून उशीर लागतो. फुलदांडा असेल तर तो आधी कापा. असं झाड फुलवण्यात उरलीसुरली शक्ती घालवतं. मूळ ४-५ सेंमीचं झालं की कुंडी. सगळीच झाडं वाचत नाहीत, आणि गाभा, म्हणजे पानांच्या मधला वाढीचा शेंडा, काळा पडला असेल तर हा खटाटोप करू नका.

प्रश्न: आठवड्यातून नेमकं किती वेळा पाणी द्यायचं?

आकडा दिला तर तो चुकीचाच असेल. तेच झाड सालीत चार दिवसांत सुकतं आणि मॉसमध्ये दहा दिवस ओलं राहतं. त्यात ऋतू, कुंडी, वारा. त्यापेक्षा मुळं बघा. पारदर्शक कुंडीत ओली मुळं हिरवी दिसतात, सुकली की चंदेरी. सगळी चंदेरी झाली आणि कुंडीच्या आतल्या बाजूला दव नाही, म्हणजे पाणी द्या. कुंडी पारदर्शक नसेल तर बांबूची काडी मध्यापर्यंत खुपसून दहा मिनिटं ठेवा; काडी ओलसर आली तर थांबा. काही आठवड्यांनी कुंडी हातात घेतली की वजनावरूनच कळायला लागतं.

द्यायचं तेव्हा भरपूर द्या. नळाखाली धरून मिनिटभर, किंवा बादलीत काठापर्यंत दहा मिनिटं बुडवून, आणि मग पूर्ण निथळू द्या. चमचाभर पाणी रोज, ही सर्वांत वाईट पद्धत: वरची साल ओली, खालची मुळं तहानलेली. शोभेच्या बाहेरच्या कुंडीत साचलेलं पाणी तर हमखास विसरलं जातं. अर्ध्या तासाने उचलून बघा आणि ओतून द्या.

सकाळी पाणी द्या, म्हणजे पानांच्या बेचक्यात गेलेलं पाणी रात्रीपर्यंत सुकतं. नळाचं पाणी जड असेल, भांड्यांवर पांढरा थर बसत असेल, तर पावसाचं किंवा आरओचं पाणी वापरा. मीठ वापरून मऊ केलेलं पाणी मात्र नको, त्यात सोडियम असतो.

प्रश्न: दोन वर्षं झाली, पानं हिरवीगार आणि मोठी येतात पण फूल नाही.

‘हिरवीगार’ याच शब्दात उत्तर आहे. फॅलेनॉप्सिसचं पान गडद हिरवं असेल तर त्याला उजेड कमी पडतोय. योग्य उजेडात ते पोपटीकडे झुकतं, कडा कधी किंचित लालसर होतात. दुपारी पानाच्या वर ३० सेंमीवर हात धरा. सावली पुसट कडांची पडली तर उजेड बरोबर, सावली दिसतच नसेल तर कमी, कडा रेखीव असतील तर जास्त. कोवळं सकाळचं ऊन चालतं. काचेतून येणारं दुपारचं ऊन पान भाजतं. आधी फिकट डाग, मग काळा आणि कोरडा. पान हाताला गरम लागलं तर लगेच मागे घ्या. खिडकीच नसेल तर पांढरा एलईडी दिवा ३० सेंमी उंचीवर रोज १२ तास लावा.

दुसरी गोष्ट तापमान. फॅलेनॉप्सिसला फुलदांडा काढायला थोडा गारवा लागतो. सतत २८ अंशांच्या वर ठेवलं तर ते पानं काढत राहतं. रात्री १६ ते १८ अंश, दिवसा २५ च्या आसपास, असे चार-पाच आठवडे मिळाले की पानाच्या बगलेतून दांडा डोकावतो. तिथून पहिलं फूल यायला आणखी साधारण तीन महिने. म्हणजे हिवाळ्याच्या तोंडाला खिडकीजवळ, रात्री गार होणाऱ्या जागी झाड हलवा. दांडा दिसला की मग जागा आणि दिशा बदलू नका.

कळ्या आल्या आणि न उमलता पिवळ्या होऊन गळल्या, असंही एका पत्रात आहे. जागा बदलणं, कोरडं पडणं, वातानुकूलन यंत्राचा थेट झोत, ही नेहमीची कारणं. शेजारी पिकत असलेली केळी किंवा सफरचंदं आहेत का तेही पाहा. पिकणाऱ्या फळांतून इथिलीन वायू सुटतो आणि कळ्या गळायला तेवढा पुरतो.

प्रश्न: फुलं गेल्यावर दांडा कुठे कापायचा? आणि नवीन निघालेलं हे टोक दांडा आहे की मूळ?

दांडा पिवळा किंवा तपकिरी झाला असेल तर बुंध्यापासून एक-दोन सेंमी ठेवून कापा. हिरवा असेल आणि झाडाला चार-पाच ताठ पानं असतील तर खालून दुसऱ्या किंवा तिसऱ्या पेराच्या वर एक-दीड सेंमीवर कापा. त्या पेरातून दोन-तीन महिन्यांत फाटा फुटू शकतो. त्याची फुलं पहिल्यापेक्षा लहान असतात. झाड अशक्त असेल तर हिरवा दांडाही बुंध्यापासून काढा.

नव्या टोकाचं म्हणाल तर मुळाचं टोक गोल, गुळगुळीत, कुठेही फुटतं. दांड्याचं टोक चपटं, फक्त अंगठा वेगळा असलेल्या हातमोज्यासारखं, पानाच्या बगलेतून निघतं आणि वर वळतं.

प्रश्न: डेंड्रोबियमच्या जुन्या कांड्यांची पानं गळली. त्या काढून टाकू का? कुंडीही पालटायची आहे.

काढू नका. त्या कांड्या म्हणजे झाडाची कोठी, पाणी आणि अन्न त्यांतच साठलेलं असतं. शिवाय बऱ्याच जातींत फुलं त्याच बिनपानांच्या कांडीवर येतात. वाळून पोकळ, तपकिरी झालेली कांडीच तेवढी कापा.

यात दोन घराणी नीट ओळखा. उंच कांडीच्या शेंड्यातून फुलांचा लांब तुरा येत असेल तर ते उष्ण हवेतलं, वर्षभर पाणी चालणारं. कांडीच्या पेरापेरावर दोन-तीन फुलं येत असतील तर ते नोबिल गटातलं. त्याला हिवाळ्यात खत बंद, पाणी अगदी कमी आणि रात्री १० ते १३ अंशांचा गारवा मिळाला तर कळ्या धरतात. त्याच काळात तुम्ही मायेने पाणी आणि खत देत राहिलात तर कळ्यांच्या जागी पेरांवर पिल्लं, म्हणजे छोटी रोपं, फुटतात. पिल्लू वाया जात नाही, ५ सेंमीची दोन-तीन मुळं आली की अलग लावता येतं. पण फुलं त्या वर्षी गेली.

कुंडी नवीन कोंब ५-७ सेंमीचा होऊन त्याला मुळं फुटताना बदला, आधी नाही. झाडाच्या उंचीकडे बघून मोठी कुंडी घेण्याची चूक इथे सर्रास होते. डेंड्रोबियमला कुंडी इतकी लहान हवी की बघणाऱ्याला विचित्र वाटावं. उलटत असेल तर ती कुंडी दगड घातलेल्या जड कुंडीत ठेवा. वाटणी करायची असेल तर प्रत्येक भागात निदान तीन-चार कांड्या राहू द्या. जुन्या कांड्या कुंडीच्या काठाशी आणि नवा कोंब मध्याकडे तोंड करून, म्हणजे पुढची दोन वर्षं त्याला सरकायला जागा मिळते. कॅटलिया या ऑर्किडलाही हीच मांडणी.

प्रश्न: पानांच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं काहीतरी आहे आणि दांड्यावर चिकट थेंब. दोन्ही एकच रोग का?

दोन वेगळ्या गोष्टी असू शकतात. दांड्यावर किंवा कळीच्या मागे एखाद-दुसरा स्वच्छ, गोड थेंब झाड स्वतःच सोडतं, पुसून टाका. पान चिकट असेल आणि जवळ कापूस दिसत असेल तर पिठ्या ढेकूण. तपकिरी, नखाने निघणारे टिकले दिसले तर खवले कीड.

झाड इतर झाडांपासून लांब ठेवा. कानकोरणीच्या कापसाला ७० टक्के आयसोप्रोपाइल अल्कोहोल लावून प्रत्येक कीड पुसा, पानाखाली आणि बुंध्याच्या सुकलेल्या आवरणाआडही. मग एक लीटर कोमट पाण्यात ५ मिली निंबोळी तेल आणि दोन-तीन थेंब भांड्याचा द्रवसाबण हलवून संध्याकाळी फवारा. उन्हात फवारलं तर पान भाजतं, आणि गाभ्यात साचलेलं टिपून घ्या. सात ते दहा दिवसांनी पुन्हा, असं तीनदा. एकदाच करून सोडलं तर अंड्यांतून पुढची पिढी निघते. तीन फेऱ्यांनंतरही परत येत असेल तर मुळांत शोधा. पिठ्या ढेकूण सालीतही राहतो, तेव्हा मिश्रण फेकून, मुळं धुऊन नव्या कुंडीत लावण्याला पर्याय नाही.

प्रश्न: कोणतं खत? तांदळाचं पाणी, चहाचा चोथा, अंड्याची टरफलं चालतील का?

हे तिन्ही नको. तांदळाच्या पाण्यातला स्टार्च सालीत आंबतो, चिलटं येतात आणि साल लवकर कुजते. चोथा फटी बुजवतो. टरफलं विरघळायला इतकी वर्षं घेतात की तोवर तुम्ही दोनदा कुंडी बदललेली असेल.

पाण्यात विरघळणारं २०:२०:२० (नत्र, स्फुरद, पालाश यांचं प्रमाण) किंवा त्याच्या आसपासचं खत, पाकिटावर लिहिलेल्या प्रमाणाच्या चौथा भाग. लीटरला २ ग्रॅम लिहिलं असेल तर अर्धा ग्रॅम. वाढीच्या दिवसांत आठवड्याला एकदा, मुळं ओली असतानाच. कोरड्या मुळावर खत पडलं तर टोकं जळतात. महिन्यातून एकदा खताऐवजी नुसतं पाणी, कुंडीतून तीन-चार वेळा वाहून जाईल इतकं. कुंडीच्या काठावर किंवा सालीवर पांढरा थर, मुळांची काळी टोकं, पानाचं टोक करपलेलं, हे क्षार साचल्याचं लक्षण आहे. तेव्हा खत वाढवू नका, धुवा.

प्रश्न: वांडा टांगलेला आहे, कुंडीच नाही. त्याला काय बदलायचं?

काहीच नाही. टोपली कुजली किंवा तुटली तर मुळांसकट मोठ्या टोपलीत ठेवा. मुळं सुट्टी असल्याने रोज पाणी लागतं: १० ते १५ मिनिटं बुडवा, हिरवी झाली की काढा. उजेड फॅलेनॉप्सिसपेक्षा बराच जास्त.

प्रश्न: वरून पाणी घातल्यावर मधलं कोवळं पान ओढताच हातात आलं. खाली तपकिरी आणि घाण वास. झाड गेलं का?

गाभा कुजला. फॅलेनॉप्सिसला वाढीचा शेंडा एकच असतो, तो गेला की त्या शेंड्यातून नवं पान येणार नाही. पण बुंधा आणि मुळं टणक असतील तर टाकून देऊ नका. मऊ झालेला सगळा भाग स्वच्छ पात्याने घट्ट भागापर्यंत कापा, दालचिनी भरा, झाड तिरकं ठेवा म्हणजे खळग्यात पाणी थांबणार नाही, आणि पाणी फक्त सालीला द्या. खालची पानं हिरवी राहिली तर काही महिन्यांत बुंध्याच्या बगलेतून पिल्लू फुटू शकतं. ते जुन्या बुंध्यावरच वाढू द्या, वेगळं काढू नका. जुनी मुळं तेच वापरतं. बाकीच्या झाडांच्या बेचक्यात पाणी गेलं तर टिश्यूपेपरचं टोक पीळ देऊन आत घाला, ते सगळं पाणी ओढून घेतं.